निकमांच्या घरचं मटण

चंदनाचं लग्न झालं ते साल दोन हजार एकोणीस. चंदना म्हणजे कुंडलच्या अण्णाप्पा मगदुमांची धाकटी लेक. लग्न मे महिन्यातलं. उकाडा असा, की पंख्यासमोरची खुर्ची मिळावी म्हणून पाहुणे मुहूर्ताच्या दोन तास आधीच येऊन बसले होते.

लग्नाला आठ दिवस असताना चंदना थोरल्या भावाला, पारसला, म्हणाली, "दादा, नाव घ्यायला मला तेच ते जुनं नको. तू काहीतरी नवं लिहून दे." पारस तेव्हा पलूसच्या एका कॉलेजात तासिका तत्त्वावर मराठी शिकवायचा. म्हणजे वर्षातले सहा महिने मास्तर आणि उरलेले सहा महिने वडिलांच्या द्राक्षबागेत गडी. त्यानं बहिणीला चार उखाणे लिहून दिले. ही बातमी नवऱ्या मुलाला लागली. त्यानं गुपचूप फोन करून आपल्यासाठी दोन मागून घेतले. मग विहीणबाईंनी मागितले, मग करवल्यांनी. लग्नाच्या दिवशी दोन्हीकडची माणसं एकमेकांना उखाण्यांतून टोले देत होती आणि दोन्हीकडचे टोले एकट्या पारसचे होते. चंदना सासरच्या दारात उभी राहून म्हणाली,

"द्राक्षाच्या बागेला मांडव, मांडवाला तारा,
शीतलराव, नाव घेते, घाम पुसा की जरा!"

तेव्हा शीतलरावांनी खरोखरच रुमाल काढला आणि दारातली गर्दी हसून लोळली.

त्या गर्दीत मिरजेचा बिरदेव होता. शीतलचा दोस्त. साताऱ्याच्या आसपास टीव्हीच्या मालिकांचं शूटिंग चालतं, तिथं तो मॅनेजर होता. गाड्या, नाश्ता, चहा, झोपायच्या गाद्या, सगळं त्याच्याकडं. त्यानं हातातली जिलबी संपवली आणि विचारलं, "कुणी लिवलं ह्ये?"

चार बोटं पारसकडं वळली.

"चल माज्यासंगं," बिरदेव म्हणाला. "आमच्या लेखकाला हाताखाली माणूस पायजे. तुजा हात चालतोय गड्या."

अण्णाप्पांनी ऐकलं आणि घरी आल्यावर ते भडकले. "बाग कोण बघायची? टीव्हीत काय लिवायचं असतंय? ती नटीबाई रडती, ते काय लिवून रडती व्हय?"

त्या घरात अण्णाप्पांच्या वर एकच माणूस होतं. त्यांची थोरली बहीण गुणमाला. लहान वयातच विधवा होऊन माहेरी आलेली, आणि तेव्हापासून घर तिनंच हाकलेलं. अण्णाप्पा तिला अक्का म्हणत, म्हणून सगळं घरच अक्का म्हणे. तिनं बसल्या जागेवरून सांगितलं, "अण्णू, जाऊ दे त्याला. त्यानं कायतरी वंगाळ लिवलं तर मला सांग. मी हाय की."

विषय संपला. पारस साताऱ्याला गेला.

पहिलं वर्ष त्यानं नुसती नक्कल केली. थोरले लेखक पुण्यातून फोनवर सांगत, हा उतरवून घेई. मग लॉकडाउन आला. शूटिंग बंद. पारस घरी येऊन बेदाण्याच्या शेडवर बसला आणि तिथं बसून लिहायला शिकला. शेडवरच्या बायका काय बोलतात, कुठं थांबतात, कुणाचं नाव न घेता कुणाला टोमणा मारतात, हे सगळं त्यानं कान देऊन ऐकलं. दोन हजार बावीसच्या फेब्रुवारीत नवी मालिका सुरू झाली, 'निकमांचं घर'. तिची पटकथा त्याला मिळाली. पडद्यावर नाव आलं, 'पटकथा : पारस अण्णाप्पा मगदूम'. नाव दोन सेकंद टिकायचं. पण अण्णाप्पा त्या दोन सेकंदांसाठी सव्वासातलाच टीव्हीसमोर बसत आणि नाव येऊन गेलं की उठून जात. पुढचं काय ते अक्का बघायची.

मालिका साधी होती. साताऱ्याकडचं एक मोठं शेतकरी मराठा घर. निकमांचं. घरात म्हातारी थोरली आई, तिची दोन मुलं, दोन सुना, नातवंडं. शूटिंग मेढ्याच्या बाजूला भाऊसो नावाच्या शेतकऱ्याच्या घरात चालायचं. घर मोठं, पुढं ओसरीसारखा सोपा, मागं परडं. भाऊसो आपल्याच घरात पाहुण्यासारखा एका कोपऱ्यात खुर्ची टाकून बसायचा आणि शूटिंग बघायचा.

एकदा तो पारसला म्हणाला, "आवं लेखक, एक विचारू का? ही निकमांची माणसं कवा बी बघावं तर दिवसाढवळ्याच जेवत्यात. त्यास्नी कामधंदा न्हाई का?"

पारस हसला. त्याला वाटलं, भाऊसो गंमत करतोय.

दुसऱ्या वेळी त्या गावचे सरपंच सेटवर आले, रागावून. मालिकेतली सून रोज हंड्याला फडकं बांधून पाणी गाळते, त्यामुळं पाहुण्यारावळ्यांचे फोन यायला लागले होते, तुमच्या गावाला गढूळ पाणी येतं का म्हणून. "आमच्या नळाला काचेगत पाणी येतंय," सरपंच म्हणाले, "अन् तुमची सून काय गाळती? आमची अब्रू?" दिग्दर्शक आकाराम यांनी त्यांना चहा पाजला, थोरल्या आईजवळ उभं करून फोटो काढला आणि घालवलं. फडकं मात्र तसंच राहिलं. सेटवरच्या कुणाला त्यात काही वावगं दिसेना, आणि पारसला तर दिसणं शक्यच नव्हतं. पाणी गाळल्याशिवाय भरतात, हेच त्याला माहीत नव्हतं.

दोनशे भाग झाले. दसऱ्यानंतर कुंडलच्या जैन बस्तीतून, म्हणजे मगदूम जायचे त्या मंदिरातून, निरोप आला की महिला मंडळाला पारसचा सत्कार करायचा आहे. पारसनं नवा शर्ट घेतला. दोन सेकंदांत येऊन जाणारं नाव शेवटी कुणीतरी वाचलं, याचा त्याला फार आनंद झाला. पहिल्या ओळीत अक्का बसली होती, पांढऱ्या साडीत, ताठ.

मंडळाच्या अध्यक्षीण बाई माइकवर बोलायला उभ्या राहिल्या. "आजकालच्या मालिकांत काय काय दाखवतात ते आपण बघतोच. पण आपल्या पारसनं कमाल केली. दोनशे भाग झाले, पण निकमांच्या घरात एकदाही कुणी सूर्य मावळल्यावर जेवलं नाही! पाणी गाळल्याशिवाय कुणी प्यालं नाही! घर मराठ्यांचं, पण आचार आपला. ही मालिका बघून आपल्या गावातल्या दोघी सुनांनी रात्रीच्या जेवणाचा त्याग केला आहे."

टाळ्या पडल्या. पारसच्या हातातला नारळ जड झाला. तो मनातल्या मनात भाग आठवायला लागला. पहिला भाग, साखरपुडा, जेवण, दुपार. चाळिसावा भाग, भांडण, जेवण, पाच वाजता. पाहुणे आले, जेवण, ऊन अंगणात. खरंच की! एकही ताट दिव्याखाली पडलं नव्हतं. त्यानं मुद्दाम काहीच केलं नव्हतं. त्याच्या डोक्यात जेवण म्हटलं की उजेड असायचाच, कारण बत्तीस वर्षं त्याच्या घरी तसंच होतं. सेटवर कुणी हरकत घेतली नव्हती, त्यालाही कारण होतं. दिवसा जेवण म्हणजे मोठ्या लायटी लावायला नकोत आणि शिफ्ट वेळेत सुटते. आकाराम तर म्हणायचे, "ह्या पोराचं लिखाण उजेडातलं हाय."

एवढ्यावर थांबलं असतं तर बरं झालं असतं. पण अक्का उठली. माइक नको म्हणाली. अठ्ठावन्न वर्षं तिनं रात्री पाण्याशिवाय तोंडात काही घातलं नव्हतं, तिला माइक कशाला? सगळ्या बस्तीला ऐकू जाईल अशा आवाजात ती म्हणाली, "आतापतूर झालं न्हाई अन् ह्याच्या म्होरं बी व्हणार न्हाई. मी सांगती. माजा पोरगा हाय त्यो."

दुसऱ्या दिवशी सकाळी पारस कराडच्या एसटी स्टँडवर गाडी बदलत असताना चॅनेलमधून शिवांजली मॅडमचा फोन आला. मॅडम अठ्ठावीस वर्षांच्या. पण मालिकेत कोण जगणार आणि कोण मरणार, हे त्यांच्या हातात होतं.

"पारस सर, रिसर्च आलाय. प्रेक्षक म्हणतात घर खोटं वाटतं."

"खोटं? कुठं खोटं?"

"साताऱ्याच्या बायका म्हणतात, ही माणसं रात्री जेवतच नाहीत. आणि एक बाई म्हणाली, दोनशे भागांत जावई तीनदा आला, पण एकदा मटण झालं नाही. असला जावई आमच्याकडं परत आलाच नसता. सर, पुढच्या आठवड्यात जावई येतोय ना? मटण करा. रात्रीचं. सगळं घर एकत्र बसलेलं, मोठा सीन. चार मिनिटं."

मागं एसटीचा कंडक्टर पुकारत होता.

"सर? ऐकताय ना? एक स्पष्ट सांगते. वरून विचारणा झालीये की लेखकाला ग्रामीण माहीत आहे का. पुण्याचे एक लेखक आहेत, त्यांना बोलावून ठेवलंय. मी तुमच्या बाजूनं आहे, पण हा सीन खरा वाटला पाहिजे."

पारस गाडीत बसला. मटण लिहिलं नाही तर मालिका जाते. मटण लिहिलं तर अक्का जाते. आणि अक्का गेली म्हणजे ज्या माणसाच्या शब्दावर तो घरातून बाहेर पडला, त्या माणसाचा शब्द भर बस्तीत खोटा पडतो. साताऱ्यापर्यंत त्यानं खिडकीबाहेर बघितलं, पण काय बघितलं ते त्याला सांगता आलं नसतं.

शेवटी त्यानं सीन लिहिला. कुणाला काही विचारलं नाही. बत्तीस वर्षांचा माणूस, मटण कसं करतात हे विचारायचं कुणाला आणि कसं, याचीच त्याला लाज वाटली. आणि त्यात विचारण्यासारखं काय आहे, असंही त्याला वाटलं. स्वयंपाक तर स्वयंपाक. त्यानं लहानपणापासून अक्काला स्वयंपाक करताना बघितलं होतं.

शूटिंगच्या दिवशी बिरदेव सकाळी सहालाच मटण घेऊन आला. कलाविभागाच्या माणसानं कागदात लिहिल्याप्रमाणं सगळी तयारी केली. आकाराम यांनी कागद हातात घेतला आणि सगळ्या युनिटला ऐकू जाईल असं वाचायला सुरुवात केली.

"सीन तीन. परडं. थोरली सून सुपात मटण घेऊन निवडत बसली आहे."

ते थांबले. चष्मा काढला, पुसला, परत घातला.

"धाकटी सून येते. धाकटी म्हणते, ताई, मी निवडू लागू का? थोरली म्हणते, नको, झालंच, एवढं पाखडून घेते. थोरली सुपातलं मटण पाखडते."

पहिल्यांदा कॅमेरामन खाली बसला. मग मेकअपच्या बायका एकमेकींच्या गळ्यात पडल्या. थोरल्या सुनेचं काम करणारी नटी खरोखरच हातात सूप आणि सुपात किलोभर मटण घेऊन उभी होती. तिनं फार गंभीरपणे विचारलं, "सर, पाखडताना कोंडा कुठल्या बाजूला उडवू?"

"थांबा, अजून हाय," आकाराम म्हणाले. त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. "धाकटी जिऱ्या-मोहरीची फोडणी देते. कढीपत्ता तडतडतो. मटण टाकते. दोघी जावयाविषयी चार वाक्यं बोलतात. तेवढ्यात मटण शिजतं. वरून ओलं खोबरं आणि चिमूटभर साखर."

"साखर!" भाऊसो खुर्चीतून उठला. "आवं लेखक, बकऱ्याचा सत्यानास केला की वो!"

त्याची बायको क्रांती स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. ती हसता हसता म्हणाली, "भाऊजी, खडं निघालं का त्यात? न्हाई म्हंजी, निवडलं म्हणून इचारती."

पारस उभा होता तिथंच उभा राहिला. त्याच्या घरात शिजणारी प्रत्येक गोष्ट आधी सुपात पडायची. डाळ, तांदूळ, मेथी, शेंगदाणे. सुपात न पडता काही चुलीवर जातं, असं त्यानं आयुष्यात बघितलं नव्हतं.

हसून झाल्यावर आकाराम गंभीर झाले. "पारस, मजा झाली. आता ऐक. त्या सुपाचा फोटो कुणीतरी मॅडमला पाठवलाय. मॅडमचा फोन आला व्हता. उद्या दुपारी बाराच्या आत सीन दे. न्हाईतर पुण्याचा माणूस येतोय."

मटण तर आणलेलं होतं. ते टाकायचं कसं? क्रांती म्हणाली, "आता आमीच करतो. युनिटला जेवण व्हईल. भाऊजी, तुमी हितं बसा अन् बघा." मग पारस परड्यात एका दगडावर वही घेऊन बसला. क्रांतीनं मटण धुतलं, हळद-मीठ लावलं आणि मोठ्या टोपात शिजत घातलं. तासभर झाला तरी ते शिजलं नव्हतं. "तुमच्या सुनांनी चार वाक्यात कसं काय शिजवलं वो?" क्रांती म्हणाली. "त्यास्नी पाठवा आमच्याकडं."

पारसच्या एक गोष्ट ध्यानात आली. घरात गॅस होता, चांगला दोन शेगड्यांचा. तरी हा सगळा खटाटोप परड्यात, तीन दगडांच्या चुलीवर चालला होता. टोपही घरातला नव्हता, परड्यातल्या खोपटातून काढलेला.

"वहिनी, बाहेर का करताय?"

"सासूबाईंच्या गळ्यात माळ हाय. घरात चालत न्हाई. चूल येगळी, टोप येगळा, उलथनं येगळं. जेवायचं बी हितंच परड्यात. घरात वास गेला तर त्या दोन दिस माज्याशी बोलत न्हाईत." क्रांतीनं आवाज खाली घेतला. "कवा कवा मी मुद्दाम वास जाऊ देती. दोन दिस घर शांत असतंय."

पारसनं वही मिटली आणि घराला वळसा घालून पुढं सोप्यात गेला. भाऊसोची आई तिथं एकटीच जेवत बसली होती. ऊन कलतीला लागलं होतं. पितळी ताटात भाकरी, दूध, ठेचा. परड्यात तीस माणसांचा गलबला चालला होता आणि इकडं ही म्हातारी शांतपणे भाकरी कुस्करत होती.

"आजी, एवढ्या लवकर जेवताय?"

"मग? त्येंचं ते चाललंय तोवर मी माजं उरकून घेती. नंतर समदी हात चाटत घरात येत्यात. मला बघवत न्हाई."

"राग येतो?"

म्हातारीनं त्याच्याकडं बघितलं. "राग कशाचा रं? मी माळ घातली, त्यास्नी कशाला उपाशी मारू? खाऊ द्या की. ह्या घरात देताना माज्या बापानं मला न्हाई इचारलं अन् मी त्यास्नी इचारत न्हाई. फकस्त माज्या पितळीला कुणी हात लावायचा न्हाई. एकदा लावला व्हता भाऊसोनं. अजून तोंड वर करून बोलत न्हाई त्यो."

पारस सोप्यातच खांबाला टेकून बसला आणि लिहायला लागला. दुसऱ्या दिवशी सकाळी अकरा वाजता त्यानं आकाराम यांच्या हातात कागद दिले. या वेळी आकाराम यांनी मोठ्यानं वाचलं नाही. मनात वाचलं, आणि म्हणाले, "थोरल्या आईचं काम करणाऱ्या बाईंना बोलवा. आजचा सीन त्यांचा हाय."

भाग लागला तो शुक्रवार होता. पारस आदल्या दिवशीच कुंडलला येऊन बसला होता. जे व्हायचं ते आपल्यासमोर व्हावं, असं त्यानं ठरवलं होतं. अक्काला त्यानं काही सांगितलं नव्हतं. सांगायला गेला तीन वेळा, आणि तिन्ही वेळा "अक्का, पाणी आणू का" एवढंच म्हणून परत आला.

साडेसात वाजले. अण्णाप्पांनी नाव बघितलं आणि सवयीप्रमाणं उठले. मग पारसचा चेहरा बघून परत बसले. "काय रं? पोटात दुखतंय का?"

पडद्यावर संध्याकाळ होती. परड्यात चूल पेटलेली. थोरली सून टोपात डाव फिरवत होती. जावई वास घेत म्हणाला, "आज मटण व्हय!"

अण्णाप्पांनी रिमोट उचलला. "झालं! केलंस वाटोळं! बंद कर ते." आणि बंद कर म्हणत ते स्वतःच बटणं दाबायला लागले. पण घाईत त्यांनी आवाजच मोठा केला. जावयाचं मटण आता शेजारच्या घरालाही ऐकू जायला लागलं.

"थांब रं अण्णू," अक्का म्हणाली.

पडद्यावर सोपा आला. मावळतीचं ऊन. थोरली आई एकटी, समोर पितळी, भाकरी, दूध. धाकटा नातू परड्यातून पळत येतो आणि विचारतो, "आज्जी, तू न्हाई येणार?" थोरली आई म्हणते, "माजं झालं बाळा. दिवस मावळायच्या आत माजं होतंय. तू जा. तुला नळी राखून ठेवली असंल." पोरगं जातं. ती ऊन भिंतीवरनं खाली उतरताना बघत बसते आणि शेवटचा घास ऊन जायच्या आत तोंडात घालते. मागनं सगळ्या घराचा हसण्याचा आवाज येतो. तीही हसते, एकटीच. मग पितळी उचलून आत जाते. स्वतःच घासायला.

जाहिराती लागल्या. पारसला वाटलं, लॉकडाउन बरा होता.

"ही म्हातारी कुणावरनं लिवली?" अक्कानं विचारलं.

पारसनं खोटं बोलायचा विचार केला. पण अक्कासमोर खोटं बोलायला आणखी एक जन्म लागला असता. "मेढ्याला एक आजी हाय, अक्का. तिच्यावरनं."

"मेढ्याची?" अक्काचा चेहरा पडला. मटण शिजलं तेव्हा पडला नव्हता एवढा पडला. "मंजी माज्यावरनं न्हवं?"

पारस गडबडला. "तुज्यावरनं पण हाय की. निम्मी तिची, निम्मी तुजी."

"कुठली निम्मी माजी?"

"दिवस मावळायच्या आत जेवती, ती तुजी."

"अन् मटणाच्या घरात ऱ्हाती, ती?"

"ती तिची."

"मग ठीक हाय," ती म्हणाली. थोड्या वेळानं पुन्हा म्हणाली, "पण हसली ती. ते कुणाचं?"

"ते... दोघींचं," पारस म्हणाला.

"माजं न्हाई," अक्का म्हणाली. "मी असती तर त्या पोराला म्हनली असती, आदी पाय धू. परड्यातनं तसाच सोप्यात आला. घान." आणि ती झोपायला गेली.

खरी परीक्षा दुसऱ्या दिवशी सकाळी बस्तीत होती. पारस दारापर्यंत तिच्यासोबत गेला. अध्यक्षीण बाई वाटच बघत होत्या. "काय हो अक्का? तुम्ही तर सांगितलं होतं होणार नाही म्हणून! शिजलं की मटण! जावयानं ओरपलं की!"

पारसनं मान खाली घातली. अक्कानं हातातली अक्षतांची डबी बंद केली.

"शिजलं तर शिजलं. घर त्येंचं, चूल त्येंची. माजी म्हातारी कवा जेवली ते सांग."

"ती... ती दिवसा जेवली."

"मग? एवढं घर मटणावर तुटून पडलंय, समदी हाका मारत्यात, अन् ती एकटी उजेडात आपलं उरकून घेती. त्याग त्याला म्हनत्यात. मटण नसलेल्या घरात कुणी बी सोडंल. तुमी सोडलंय ते काय मोठं?"

अध्यक्षीण बाईंच्या घरात मटण नव्हतं, पण रात्री नऊला भेळ होती, हे सगळ्यांना माहीत होतं. त्या लगबगीनं बस्तीत शिरल्या. पारस रस्त्यावर आला आणि पहिल्यांदा पोटभर श्वास घेतला.

पुढच्या गुरुवारी आकडे आले. तो भाग त्या आठवड्यातला सगळ्यात जास्त बघितलेला भाग होता. शिवांजली मॅडमनी फोन केला. "सर, थोरली आई वर्क होतेय! तिचं अजून लिहा! तुम्हाला ग्रामीण किती आतून माहीत आहे!" पुण्याच्या लेखकाचं नाव परत निघालं नाही. सेटवर मात्र बरेच दिवस पारस दिसला की कुणी ना कुणी विचारायचं, "सर, चहा निवडून देऊ का पाखडून?"

त्या दिवसापासून आठवड्यातून दोनदा अक्काचा फोन यायला लागला. थोरल्या आईची साडी फार भडक हाय. थोरली आई एवढं बोलती कशाला, डोळ्यानं सांगावं. धाकट्या सुनेला एकदा चांगलं फैलावर घ्यायला पायजे, पण पोरांसमोर नको. पारस लिहून घ्यायचा. निम्मं घालायचा, निम्मं टाळायचा. टाळलेलं अक्काला बरोबर कळायचं आणि पुढच्या फोनला त्याचाच जाब व्हायचा. निकमांच्या घरात आता रात्रीची जेवणं होऊ लागली, मटण होऊ लागलं, एकदा तर मासेही झाले. थोरली आई मात्र प्रत्येक वेळी उजेडात जेवली.

चॅनेलनं तीनदा तिला मारायला सांगितलं. म्हातारीच्या मरणावर आकडे चढतात, हा त्यांचा अनुभव होता. पहिल्या वेळी पारसनं तिला तीर्थयात्रेला पाठवलं. दुसऱ्या वेळी दवाखान्यात नेऊन आठ दिवसांनी परत आणलं. तिसऱ्या वेळी त्यानं शिवांजली मॅडमला सरळ सांगितलं, "मॅडम, ती मेली तर मला घरी जाता येणार नाही." मॅडमना वाटलं, लेखक फार भावनाप्रधान आहेत. पारस तर फक्त वस्तुस्थिती सांगत होता.

मालिका दोन हजार चोवीसच्या जानेवारीत सहाशे अकराव्या भागावर संपली. थोरली आई शेवटच्या भागात सोप्यात बसून होती, धडधाकट. पारसला एका चित्रपटाचं काम मिळालं. त्याची पटकथा तो कुंडलला घरीच बसून लिहायला लागला. रोज संध्याकाळी अक्काला दोन पानं वाचून दाखवायचा आणि ती रोज दोन चुका काढायची.

अक्का, म्हणजेच गुणमाला बाबगोंडा चौगुले, मंगळवार, १२ मार्च २०२४ रोजी सकाळी कुंडल इथं घरीच वारल्या. त्यांचं वय अठ्ठ्याहत्तर होतं.